हक्कसोडावर सही करू नका, लाईट वेगळी मिळते

पत्र:
मॅडम नमस्कार. मी बेळगावात वडगावला राहते. मिस्टर वारले, मुलगा यंदा एसएसएलसीला, म्हणजे दहावीला आहे. घर सासऱ्यांच्या नावावर, मीटर पण त्यांच्याच नावावर, आणि ते आता नाहीत. पुढच्या बाजूला भावजींचं कुटुंब, मागच्या दोन खोल्यांत आम्ही दोघं. बिल अर्धं अर्धं ठरलं होतं, मी माझा वाटा कॅश देत आले. दोनशे युनिटपर्यंत फुकट विजेची सरकारची गृहज्योती योजना आल्यापासून भावजी म्हणायला लागले की तुमच्यामुळे दोनशे युनिटच्या वर जातंय आणि आम्हाला सगळं बिल भरावं लागतंय. त्यावरनं वाद वाढला आणि त्यांनी बोर्डावरून आमच्या खोल्यांची वायरच काढून टाकली. म्हणतात हक्कसोडपत्रावर सही कर, संध्याकाळी लाईट चालू करतो. मी नवीन मीटरसाठी ऑफिसात गेले तर काउंटरवर सांगितलं मालकाची संमती आणा आणि जुनी थकबाकी भरा. भावजींनी मुद्दाम बिल थकवलंय. कन्नडमधून एक कागद आलाय, मला वाचता येत नाही. सध्या शेजारच्या काकूंनी खिडकीतून वायर दिलीय त्यावर एक बल्ब आणि मोबाईलचं चार्जिंग चालतंय. माझा भाऊ गडहिंग्लजला असतो, तो म्हणतो महावितरणला तक्रार कर. सही करून मोकळी होऊ का?

उत्तर:

ताई, नाही. सही करू नका. बाकी सगळं पुढं सांगते पण हे आधी वाचा, आणि आज रात्री भावजी परत कागद घेऊन आले तर "वकिलांना दाखवून सांगते" एवढंच म्हणा, वाद घालत बसू नका.

तुम्ही दोन गोष्टी एकत्र बांधून बसलाय आणि भावजींना तेच पाहिजे. घरातला वाटा ही एक गोष्ट आणि खोलीतली लाईट ही दुसरी. लाईट मिळायला घराची मालकी लागत नाही हो, त्या जागेत तुम्ही राहता एवढं पुरतं. हे मी माझ्या मनचं सांगत नाही, वीज कायदा २००३ च्या कलम ४३ मध्ये लिहिलंय की जागेच्या मालकानं किंवा तिथं राहणाऱ्यानं अर्ज केला तर वीज कंपनीनं पुरवठा दिला पाहिजे. "किंवा राहणाऱ्यानं" असं आहे ते, नीट लक्षात ठेवा. मे २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टानं दिलीप विरुद्ध सतीश या केसमध्ये तर स्पष्टच सांगितलं की वीज ही मूलभूत सोय आहे, मालक एनओसी, म्हणजे ना हरकत पत्र, देत नाही म्हणून भाडेकरूला ती नाकारता येणार नाही, अर्जदार त्या जागेत राहतो का एवढंच वीज कंपनीनं बघायचं. आता भाडेकरूला जर हे मिळतं तर तुम्ही तर त्या घरची सून, आणि मिस्टरांच्या मागं तुम्ही आणि मुलगा दोघंही वारस. सासरे आधी गेले असोत की मिस्टर, हिंदू वारसा कायद्यात दोन्हीकडून तुमचा हक्क येतो.

हक्कसोडाबद्दल आणखी एक, म्हणजे विषय संपेल. त्या घरात तुमच्या एकटीचा वाटा नाही, मुलाचा पण आहे. तो अजून कायद्यानं अज्ञान, म्हणजे अठराच्या आतला आहे, आणि अज्ञान मुलाला वारसानं आलेला स्थावर हिस्सा आई म्हणून तुम्ही नुसत्या सहीनं देऊन टाकू शकत नाही, १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व आणि पालकत्व कायद्याप्रमाणे त्याला कोर्टाची परवानगी लागते. म्हणजे एका बल्बसाठी तुम्ही तुमचा वाटा सोडाल, पोराच्या वाट्याचा उद्या वाद उभा राहील, आणि पुढच्या महिन्यात भावजींनी परत वायर काढली तर त्यांना अडवायला तुमच्या हातात काय राहणार?

आता भावाला सांगा की महावितरणचा इथं काही संबंध नाही. तो गडहिंग्लजला राहतो म्हणून त्याला तेच माहीत, त्याची काळजी खरी आहे, पण बेळगाव जिल्ह्यात पुरवठा हेस्कॉमचा, म्हणजे हुबळी वीज पुरवठा कंपनीचा. आपल्याकडची म्हातारी माणसं अजून केईबीच म्हणतात, म्हणजे जुनं कर्नाटक वीज मंडळ. वीज कायदा केंद्राचा आहे त्यामुळे वर सांगितलेली कलमं गडहिंग्लजला आणि वडगावला सारखीच, फक्त त्याच्या खालचे नियम, फॉर्म, तक्रारीची जागा वेगळी. तिकडं महाराष्ट्राचा वीज आयोग, इकडं कर्नाटकचा, म्हणजे केईआरसी. सीमाभागात हा घोळ कायम होतो, पाहुण्यांनी तिकडचा फॉर्म भरून पाठवलेला असतो आणि इथं तो कुणी हातात पण घेत नाही.

खिडकीतली वायर. ताई, काकूंचं मन मोठं आहे, पण ती वायर काढा, शक्य असेल तर आजच. कायद्यात काकूंचा पुरवठा हा काकूंच्या जागेपुरता मंजूर आहे, तो दुसऱ्या जागेत दिला तर कलम १२६ खाली अनधिकृत वापर धरतात, आणि तपासणीला आले तर दुप्पट दरानं आकारणी काकूंच्या नावावर बसते, कधीपासून चालू होतं ते कळलं नाही तर मागच्या बारा महिन्यांपर्यंतची. त्यावर अपील करायचं तर तीस दिवसांत आणि अर्धी रक्कम आधी भरून. ज्या बाईनं तुम्हाला अडचणीत हात दिला तिला हे भोगायला लागू नये. आणि तशी वायर खिडकीच्या चौकटीवर घासून घासून सोलते, जोड नुसता टेप गुंडाळून केलेला असतो, वळवाचा पाऊस आला की त्यातनं पाणी उतरतं आणि लोखंडी गजाला करंट येतो. पोरगा त्याच खिडकीपाशी अभ्यासाला बसत असेल ना? तोवर चार्जिंगचा एक चांगला कंदील आणा, तो काकूंच्या घरातच चार्ज करून आणला तर कुणी काही म्हणत नाही.

तसंच एखादा ओळखीचा वायरमन म्हणेल मी रात्रीत जोडून देतो. नको. मीटरचं सील, मेन फ्यूज, खांबावरची लाईन यातल्या कशालाही हात लावू द्यायचा नाही. वीजचोरीचं कलम १३५ फौजदारी आहे आणि तुमच्याशी भांडण असलेला माणूस समोरच राहतो, तो फोटो काढायला टपलेलाच असणार.

तो कन्नडमधला कागद आधी कुणाकडून तरी वाचून घ्या, मुलाला वाचता येतच असेल, शाळेत कन्नड आहे त्याला. त्यात तीन गोष्टी शोधायच्या. आरआर नंबर (बिलावरचा जोडणीचा नंबर) कुठला, रक्कम किती, आणि कुठल्या तारखेनंतर तोडणार. कलम ५६ प्रमाणे बिल थकलं म्हणून तोडायचं असेल तर लेखी नोटीस पाहिजे आणि पूर्ण पंधरा दिवस द्यायला पाहिजेत. नोटीस मीटरच्या नावावर म्हणजे सासऱ्यांच्या नावावर आली असणार, तरी ती घरात राहणाऱ्या सगळ्यांना लागतेच, "माझ्या नावावर नाही" म्हणून बाजूला ठेवू नका. त्याच कलमात एक सोय आहे जी काउंटरवर सहसा कुणी सांगत नाही. बिलाबद्दल वाद असेल तर मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीनं येणारं बिल, या दोन्हीत जे कमी असेल ते "निषेध नोंदवून" भरता येतं आणि मग वाद मिटेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. तुमच्या बाबतीत रकमेचा वाद नसून कुणी भरायचं हा वाद आहे, त्यामुळे ही सोय तुम्हाला थेट लागू होईलच असं धरून चालू नका, पण बिलात भलतीच रक्कम लावली असेल तर ती वापरायची.

थकबाकीचं खरं सांगते, गोड बोलून उपयोग नाही. "ती थकबाकी भावजींची, मी का भरू" हे तुमचं म्हणणं न्यायाचं आहे पण वीज कंपनीपुढं ते पूर्ण टिकणार नाही. मे २०२३ मध्ये के. सी. निनान केसमध्ये सुप्रीम कोर्टानं मान्य केलंय की नियमात तशी तरतूद असेल तर त्या जागेची जुनी बाकी भरल्याशिवाय नवी जोडणी नाही असं कंपनी म्हणू शकते. ती केस लिलावात जागा घेणाऱ्यांची होती, तुमच्यासारखी घरातल्या घरात नव्हती, तरी ऑफिसवाले तिचाच आधार घेतील. म्हणून त्या आरआर नंबरचा पूर्ण खातेउतारा मागा, महिन्यावार, किती बिल आलं किती भरलं. दोन वर्षांपूर्वीची आणि मधल्या बिलांत न दाखवलेली बाकी असेल तर कलम ५६ च्या पोटकलम २ प्रमाणे त्यासाठी लाईन तोडता येत नाही. उरलेल्यात तुमचा जो अर्धा वाटा येतो तो भरायची तयारी अर्जातच लिहून द्या. आणि समजा ऑफिस ऐकलंच नाही, सगळी बाकी भरा म्हणालं, आणि रक्कम तुमच्या आवाक्यातली असली तर माझं मत विचाराल तर भरून टाका, पावती घ्या, वाटणीच्या दाव्यात ती भावजींकडून मागता येते. पोराची परीक्षा मार्चमध्ये असते, ती थांबत नाही.

कॅश दिलीत म्हणता, ते झालं ते झालं. इथून पुढं एक रुपया जरी दिला तरी फोनवरून द्या आणि खाली "लाईट बिल अर्धा वाटा" असं लिहा.

आता अर्जाचं. काउंटरवर विचारलं आणि त्यांनी तोंडी नाही म्हटलं याला कायद्यात काही किंमत नाही, कारण कागदावर तुम्ही अजून काही मागितलेलंच नाही आणि त्यांनी काही नाकारलेलंच नाही. इथंच बहुतेक बायका परत येतात आणि वर्ष घालवतात, आणि मला याचा फार त्रास होतो, कारण समोरचा माणूस "बघू", "उद्या या" म्हणत राहतो आणि आपण त्यालाच उत्तर समजतो. नवीन जोडणीचा रीतसर अर्ज करा, आधार, रेशन कार्ड, मतदान ओळखपत्र, मिस्टरांचा मृत्यूचा दाखला, घराचा उतारा आणि घरपट्टीची पावती जी असेल ती जोडा. सोबत साध्या कागदावर लिहा की मी या घराच्या मागच्या दोन खोल्यांत राहते, माझी चूल वेगळी आहे, दार वेगळं आहे, संमती मिळत नाही कारण वाद चालू आहे, त्यासाठी मी इंडेम्निटी बाँड, म्हणजे पुढं कंपनीचं काही नुकसान झालं तर मी भरून देईन असा हमीचा कागद, द्यायला तयार आहे. दोन कॉपी न्यायच्या. एक त्यांना, दुसऱ्यावर आवक शिक्का, तारीख आणि सही घ्यायची. शिक्का देत नसतील तर भांडू नका, सरळ पोस्टात जाऊन स्पीड पोस्टानं, पोहोच पावती मागून पाठवा, ती पोहोच हातात आली की तोच तुमचा शिक्का.

मराठीत लिहिलं तर घेतील का, हे तुम्ही विचारलं नाही पण मनात असणारच. राज्यघटनेच्या कलम ३५० मध्ये आहे की गाऱ्हाण्याचा अर्ज देशात किंवा राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत देता येतो, म्हणजे मराठी अर्ज परत करायचा अधिकार कुणाला नाही. तरी मी सांगेन की सोबत कन्नड किंवा इंग्रजी कॉपी जोडा. हक्क आहे तो आहेच, पण आत्ता तुम्हाला भाषेची लढाई लढायची नाहीये, मीटर बसवायचाय.

वायरिंग मात्र खरंच वेगळं करून घ्यावं लागेल. एकाच घरात दुसरा मीटर देताना तपासणीला येणारा माणूस बघतो की दोन भाग वेगळे आहेत का, एका मीटरची लाईन दुसऱ्यात गेलीय का. लायसन असलेल्या कॉन्ट्रॅक्टरकडून तुमच्या दोन खोल्यांचं वायरिंग स्वतंत्र करून त्याचा रिपोर्ट घ्या. एजंट लोक सांगतील की मालकाची सही आम्ही आणून देतो, त्या फंदात पडू नका, खोटी सही निघाली तर केस तुमच्यावर. आणि ऑक्युपन्सी सर्टिफिकेट, म्हणजे इमारत वापरायला परवानगी असल्याचा दाखला, मागतील कदाचित, डिसेंबर २०२४ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर ते मागायला लागलेत. तो निकाल बेकायदा बांधकामांच्या संदर्भातला, तुमच्या घरात जुनी जोडणी आधीपासून चालू आहे, तिचा आरआर नंबर अर्जात लिहा आणि तरीही मागितलं तर कुठल्या नियमानं ते लेखी द्या म्हणा.

मुदत पण माहीत असू द्या. कलम ४३ मध्ये एक महिना आहे, उशीर झाला तर कंपनीला दिवसाला एक हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. केंद्राच्या वीज ग्राहक हक्क नियमांत २०२४ मध्ये ती आणखी कमी केलीय, महापालिका नगरपालिका हद्दीत सात दिवस, खेड्यात पंधरा. वडगाव महापालिकेत येतं, म्हणजे तुम्हाला सात दिवसांचा नियम दाखवता येईल. तेवढ्यात होईल असं मी म्हणत नाही पण महिना उलटला की गप्प बसायचं नाही. १९१२ या वीज हेल्पलाईनवर तक्रार करून तक्रारीचा नंबर लिहून ठेवा, मग वीज कंपनीचा ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच, तिथं समाधान झालं नाही तर बंगळूरचा विजेचा लोकपाल. यापेक्षा मला तुमच्यासाठी कायम लोक अदालत बरी वाटते, कोर्टातली अधूनमधून भरणारी लोक अदालत नव्हे, ही वेगळी, वीज पाणी टपाल अशा सार्वजनिक सेवांच्या वादासाठीच आहे, फी नाही, आधी तडजोड बघतात आणि नाही झाली तर निकाल देतात. एक मुख्य अट, त्याच वादात आधी कोर्टात गेलेलं नसावं.

हे झालं ऑफिसचं. पण मीटर येईपर्यंत अंधारात बसायचं का, तर नाही. तुमची लाईन वीज कंपनीनं तोडलेली नाही, घरातल्या माणसानं तोडलीय, आणि त्यावर तुमच्याकडं एक हत्यार आहे जे विधवा बायकांना कुणी सांगत नाही. २००५ चा कौटुंबिक हिंसाचार कायदा. लोकांना वाटतं तो फक्त नवऱ्याविरुद्ध. तसं नाही, एकत्र राहिलेल्या घरातल्या दिरावर पण लागतो, आणि ज्या सोयीवर बाईचा हक्क आहे ती अडवणं हा त्यात आर्थिक छळ धरलाय. त्या घरात राहायचा तुमचा हक्क कलम १७ मध्ये आहे. मे २०२२ च्या प्रभा त्यागी केसमध्ये सुप्रीम कोर्टानं विधवा सुनेच्या बाजूनंच हा हक्क मोकळेपणानं मान्य केलाय. अर्ज मॅजिस्ट्रेटपुढं, पहिली तारीख साधारण तीन दिवसांत लावायची असं कायदा म्हणतो, आणि परिस्थिती निकडीची असेल तर समोरच्याला ऐकायच्या आधी पण अंतरिम आदेश देता येतो. "काढलेली लाईन पूर्ववत जोडा आणि पुन्हा अडथळा आणू नका" असा आदेश मागायचा. एसएसएलसीचं हॉल तिकीट किंवा शाळेचा दाखला जोडा, न्यायाधीशांना निकड कळली पाहिजे.

वकिलाची फी कुठून आणू म्हणाल. बाईला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, १९८७ च्या कायदेशीर सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे. बेळगावला जिल्हा कोर्टाच्या आवारात जिल्हा कायदा सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे, तिथं जाऊन सांगा, नाहीतर १५१०० वर फोन करा. १८१ ही महिलांची हेल्पलाईन. वाटणीचा दावा घालायचाच आहे तर त्याच वकिलाशी बोला, त्यात मनाई हुकुमाचा अर्ज करता येतो, पण आधी लाईट, मग दावा. मीटर तुमच्या नावावर आला म्हणून तुम्ही मालक होत नाही आणि भावजींच्या नावावर राहिला म्हणून ते होत नाहीत, तेव्हा त्यावरून दाव्यात काही बिघडत नाही, उलट तुम्ही तिथं राहता याचा तो एक पुरावा.

भावजींबद्दल पण थोडं बोलते. त्यांनी केलं ते चूक, लेकराच्या अभ्यासाची लाईट काढणं याला दुसरा शब्द नाही माझ्याकडं. पण त्यांचा मूळ राग दोनशे युनिटचा आहे आणि तो हिशोब खरा आहे. गृहज्योतीत एका मीटरवर दोनशेच्या वर गेलं की सगळं बिल भरायला लागतं, फक्त वरचं नव्हे. दोन चुली एका मीटरवर म्हटल्यावर वर जाणारच. मीटर वेगळा झाला तर त्यांचं बिल दोनशेच्या आत यायची शक्यता आहे आणि तुम्हाला तुमच्या नावानं योजनेत अर्ज करता येईल. योजना आली तेव्हा मागचा वापर नसलेल्या नव्या जोडणीला सरासरी ५३ युनिट अधिक दहा टक्के म्हणजे ५८ युनिट फुकट असं ठरवलं होतं, त्याच्या वर पण दोनशेच्या आत गेलं तर फक्त जास्तीच्या युनिटचे पैसे. दोन खोल्या, एक फ्रीज, पंखे, दोनशेच्या आत तुमचं भागेल. हे तुम्ही सांगितलं तर ते ऐकणार नाहीत, गल्लीतल्या एखाद्या मोठ्या माणसाकडून, ज्याचा शब्द ते मोडत नाहीत, त्याच्याकडून त्यांच्या कानावर घाला. संमतीच्या कागदावर त्यांनी सही केली तर कोर्टापर्यंत जायला पण लागणार नाही. बैठकीत मात्र हक्कसोडाचा विषय काढू द्यायचा नाही, काढला तर उठायचं.

उद्या सकाळी आधी बोर्डाचा फोटो काढा, काढलेल्या वायरीची टोकं आणि मीटरचा नंबर दिसेल असा, आणि भावजींचे सही कर म्हणणारे मेसेज असतील तर पुसू नका. मग झेरॉक्सच्या दोन दोन प्रती घेऊन कोर्टाच्या आवारातल्या कायदा सेवा प्राधिकरणाच्या ऑफिसात आधी जा, वीज ऑफिसात नंतर. मुलाला सोबत नेऊ नका, त्याला शाळेत जाऊ द्या. अर्जाचा मजकूर लिहून माझ्याकडं पाठवलात तर मी बघून देईन.